चौक लिहिणाऱ्या बाया आणि सावकाराची वही

मूल जन्मल्यावर पाचव्या किंवा सहाव्या रात्री पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवण्याची रीत महाराष्ट्रातल्या बहुतेक घरांना ठाऊक आहे. त्या रात्री सटवाई येते, बाळाच्या कपाळी त्याचे प्राक्तन लिहून जाते, आणि सकाळी कागद होता तसाच कोरा असतो. त्याबद्दल कोणी तक्रार करीत नाही. लिहिले गेले आहे, फक्त ते आपल्याला वाचता येत नाही, एवढीच समजूत त्यामागे असते. लेखनाला आपण ज्ञानाचे साधन म्हणतो, स्मरणाचे म्हणतो. पण लिहिल्यामुळे काही घडते, ही त्याहून जुनी श्रद्धा आपल्या घराघरांत अशी मुकाट्याने बसलेली आहे.

अद्भुतकथांचे लेखक या श्रद्धेतून अधूनमधून एक व्यवसायच निर्माण करतात. त्यांच्या राज्यांत एक नोंदकार असतो. तो जे लिहितो ते खरे होते, ज्याचे नाव तो खोडतो तो माणूस नाहीसा होतो. विद्यार्थ्यांना असे पात्र फार आवडते. आम्हांलाही आवडते. मात्र अशा व्यवसायाच्या शोधात कल्पित राज्यांपर्यंत जाण्याचे कारण नाही. त्र्यंबकेश्वरच्या उपाध्यायांच्या नामावळ्या आहेत, ज्यांत आपल्या खापरपणजोबांची सही सापडते आणि ती पाहताना भल्याभल्यांचा आवाज बदलतो. कर्नाटकाच्या सीमेवर घरोघर जाऊन कुळाची वंशावळ वाचून दाखवणारे हेळवी आहेत. परंतु या दोन्ही ठिकाणी नोंद ही आधी नोंद आहे, तिचे पावित्र्य मागाहून आलेले. ज्या व्यवसायात मंत्र आणि नोंद एकमेकांपासून वेगळे करताच येत नाहीत, असा एक डहाणू-तलासरीच्या पट्ट्यात आहे. तो बायकांच्या हातात आहे, आणि आमच्यासारख्या मराठीच्या अध्यापकांनी त्याची दखल फार उशिरा घेतली. उशीर कसा झाला हे सांगितल्याखेरीज पुढे जाणे प्रामाणिकपणाचे होणार नाही.

काही वर्षांपूर्वी आम्ही एका चाचणी परीक्षेत ‘धवळे या रचनाप्रकाराची वैशिष्ट्ये’ असा प्रश्न घातला होता. अपेक्षित उत्तर सर्वांना माहीत असते: महदंबा, तेराव्या शतकाचा उत्तरार्ध, ऋद्धिपूर, गोविंदप्रभूंच्या लग्नाचा लीलाप्रसंग, रुक्मिणीच्या विवाहाचे आख्यान, आद्य मराठी कवयित्री. डहाणूकडून आलेल्या एका विद्यार्थ्याने महदंबेवर तीन ओळी लिहिल्या आणि उरलेले दीड पान आपल्या आत्याविषयी लिहिले. त्याची आत्या धवलेरी होती. वारली लग्नात ती गाते, तिच्या गाण्याशिवाय लग्न लागत नाही, ती काय काय गाते, असे सगळे त्या पानावर होते. आमच्यापैकी एकाने समासात लाल शाईने ‘विषयांतर’ असा शेरा मारला आणि दहापैकी तीन गुण दिले.

पुढे तोच विद्यार्थी शिक्षक झाला आणि आपल्या चुलतभावाच्या लग्नाचे आमंत्रण घेऊन आला. शेऱ्याचा त्याने उल्लेखही केला नाही. आम्ही तिघे चिखल्याला गेलो.

चिखले हे डहाणूच्या उत्तरेला, घोलवडच्या अलीकडे, समुद्राला लागून असलेले गाव. शहरातून येणाऱ्याला त्याची किनाऱ्याची बाजू दिसते: सुरूची रांग, वाळू, चिकूच्या वाड्या. पाडे आतल्या अंगाला आहेत. घर विटांचे होते, भिंतीला सिमेंटचा गिलावा होता. पण आतल्या एका भिंतीचा तुकडा शेणाने सारवून त्यावर गेरू दिला होता. तांदळाचे पीठ पाण्यात कालवलेले, बांबूची बारीक काडी टोकाशी चावून मऊ केलेली. सवाशिणी भिंतीला तोंड करून बसल्या होत्या. आमच्यापैकी एकाने वहीत टिपून घेतले, ‘चौक काढण्याचे काम चालू.’ शेजारी बसलेल्या आमच्या माजी विद्यार्थ्याने वहीत डोकावून हलक्या आवाजात दुरुस्ती केली, “काढत नाहीत सर. लिहितात. आम्ही चौक लिहिला असंच म्हणतो.”

या एका क्रियापदापाशी आम्ही बराच वेळ थांबलो, आणि वाचकांनीही थांबावे अशी विनंती आहे. ‘लिख्’ या धातूचा मूळ अर्थ ओरखडणे, रेघ ओढणे. संस्कृतात चित्रही लिहिलेच जाते. उषेच्या सखीचे नाव चित्रलेखा आहे, आणि ती स्वप्नातल्या पुरुषाचे चित्र काढून दाखवते. बिहारमधल्या मिथिलेच्या बायका कोहबराच्या भिंतीवरल्या चित्रांबद्दल लिहिणे हेच क्रियापद वापरतात. लिपी आली, शाळा आली, आणि मग अक्षर लिहायचे व चित्र काढायचे अशी वाटणी झाली. वारली बाईच्या बोलण्यात ती वाटणी झालेलीच नाही. तेव्हा तिला ‘निरक्षर’ म्हणताना आपण नेमके काय म्हणत असतो, हा प्रश्न निदान मराठी विभागांनी तरी विचारायला हवा होता.

चौकात लिहितात काय? चौकोनाच्या कडांना साखळ्यांसारख्या, त्रिकोणांच्या नक्षीपट्ट्या असतात, आणि त्या कुंपणाच्या आत पालघट. पालघट ही सर्जनाची देवी. भरलेल्या घटातून वर आलेली पालवी, असा तिच्या नावाचा अर्थ लावतात. तिच्याभोवती सूर्य-चंद्र, फणी, शिडी, झाडे. शेजारच्या लहान देवचौकात पाचशिऱ्या, घोड्यावर किंवा उभा. चौकाबाहेर मग सगळा गाव: ताडावर चढणारा माणूस, तारप्याभोवतीचा नाच, गुरे, कोंबड्या. विधवेने चौकाला हात लावायचा नाही, ही अट कडक आहे. चौक लिहिल्याशिवाय लग्न होत नाही, म्हणजे तो लग्नाची सजावट नसून लग्नाचा दस्तऐवज आहे. आणि तो असा दस्तऐवज आहे की जो घडलेल्या गोष्टीची नोंद करीत नाही, गोष्ट घडवतो. पालघट भिंतीवर आल्याखेरीज नवरा-नवरी नवरा-नवरी होत नाहीत. कायद्याच्या आणि व्याकरणाच्या अभ्यासकांनी ‘कृतिवाचक विधाने’ म्हणून ज्याची चर्चा विसाव्या शतकात केली, ते येथे तांदळाच्या पिठाने चालले होते.

धवलेरीचे काम आवाजाचे. चौक लिहिला जात असताना ती गात होती, आणि मग लग्नाच्या प्रत्येक टप्प्याला गात राहिली. वारल्यांच्या परंपरेत लग्न लावणारी ती. आम्ही ऐकले त्या गाण्यांत देवांना आवतण होते, पूर्वजांना होते, दोन्ही घरांतल्या माणसांची नावे होती. मध्येच ती एका नावापाशी अडखळली, गाणे थांबवून जवळच्या म्हातारीला काहीतरी विचारले, उत्तर मिळाल्यावर तेथूनच पुढे चालू केले. एखाद्या कारकुनाने जुनी नोंद ताडून पाहावी तसे ते होते. आम्हांला त्या क्षणी पहिल्यांदा वाटले की ही बाई केवळ गाणारी नाही, हिच्याकडे पाड्याचे दप्तर आहे.

धवलेरीचे धवळ्यांशी नाते जोडणे स्वाभाविक आहे, आणि त्यासाठी फार ओढाताण करावी लागत नाही. देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाने तेराव्या शतकात शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. त्यात ओवी आणि मंगल यांच्याबरोबर धवल हा प्रबंधही नोंदलेला आहे. गुजरातीत ‘धोळ’ नावाची गाणी अजून आहेत, आणि डहाणू गुजरातच्या सीमेवर आहे. म्हणजे महदंबेने ऋद्धिपुरात धवळे रचले तेव्हा तिने नवा प्रकार शोधला नव्हता. लग्नघरी बायका जे गात होत्या तेच तिने उचलून गोविंदप्रभूंच्या पायी वाहिले. आपल्या वाङ्मयेतिहासांत हे उलट्या क्रमाने येते. आधी महदंबा, मग तिच्यापासून स्त्रियांच्या काव्याची परंपरा. लिहिलेले ते आधीचे आणि गायलेले ते नंतरचे, असा एक भ्रम ग्रंथांच्या सवयीने होतो.

महदंबेचे धवळे आपल्यापर्यंत पोचले याचे श्रेय तिच्या प्रतिभेइतकेच महानुभावांच्या दप्तरदारीला आहे. म्हाइंभटांनी माणसामाणसाकडे जाऊन चक्रधरांच्या आठवणी गोळा केल्या आणि ‘लीळाचरित्र’ उभे केले. पुढे त्या पंथाने आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत बंद करून ठेवले. येथेही लिपीला एक मंत्रशक्ती आहेच. ज्याला अधिकार नाही त्याच्या डोळ्यांसमोर असूनही ग्रंथ कोराच. चिखल्याच्या धवलेरीला म्हाइंभट भेटला नाही. (आम्ही भेटलो, आणि आम्ही ‘विषयांतर’ लिहिले.)

येथवर वाचून कोणाला वाटेल की आम्ही एका निष्पाप लोकजीवनाचे चित्र रंगवीत आहोत. तसे करणे सोपे आहे आणि बरेच जण करतात. या मंत्रविद्येचा दुसरा भागीदार भगत. तो तांदळाचे दाणे मांडून कौल पाहतो, अंगात आल्यावर देवांच्या वतीने बोलतो, आणि त्याचे बोलणेही एक नोंदच असते. पण याच पट्ट्यात भगताच्या कौलाने एखादी बाई भुताळी ठरली, की ती नोंद पुसता येत नसे. मारहाण, गावाबाहेर काढणे, क्वचित हत्या. महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा २०१३ साली झाला, तो होण्यामागे अशा असंख्य बायकांचे भोग आहेत. ज्या समाजात बाई चौक लिहिते त्याच समाजात तिच्याविषयीही काही लिहिले जाऊ शकते. शब्दाने घडते ही श्रद्धा दोन्हीकडे सारखीच काम करते.

आणि तरीही वारल्यांच्या लग्नाभोवतीची सर्वांत भयंकर नोंद भगताने केलेली नाही. ती सावकाराच्या वहीत होती.

गोदावरी परुळेकरांचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ १९७० साली प्रसिद्ध झाले, त्याला १९७२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. अभ्यासक्रमात ते कधी असते, कधी नसते. त्यातला ‘लग्नगडी’ हा शब्द आमच्या वर्गात आम्ही दरवर्षी समजावून सांगत आलो: लग्नासाठी कर्ज घेऊन त्या कर्जापोटी जमीनदाराकडे वेठीला बांधला गेलेला वारली. देज द्यायचे, जेवण घालायचे, ताडी पाजायची, हाती पैसा नाही, म्हणून सावकार. कर्ज एकदाचे, चाकरी जन्माची, आणि नवऱ्याबरोबर नव्या नवरीचीही. किती फिटले आणि किती उरले हे वही सांगणार, आणि वही वाचता येणारा एकच. ब्रिटिश सरकारने नेमलेल्या सिमिंग्टन यांनीही १९३० च्या दशकाच्या अखेरीस आपल्या अहवालात ही गुलामी नोंदवली होती. नोंदवली, एवढेच.

चिखल्याहून परतल्यावर मात्र हा शब्द आम्हांला पूर्वीसारखा शिकवता येईना. कारण आता दिसू लागले की एकाच लग्नाचे दोन दस्तऐवज होत होते. एक भिंतीवर, एक वहीत. भिंतीवरचा बायका लिहीत, तो धुराने काळवंडत असे, पुन्हा सारवण आले की जात असे, आणि त्याचे कोणाला दुःख नसे, कारण त्याचे काम झालेले असे. वहीतला सावकार लिही, आणि तो कधीच जात नसे. आपण पहिल्याला विधी म्हणतो आणि दुसऱ्याला व्यवहार. पण सावकाराच्या वहीवर वरती ‘श्री’ असतो, कुंकवाची बोटे असतात, ‘शुभ-लाभ’ असतो. दिवाळीत लक्ष्मीपूजनाला तिची पूजा होते. फुले वाहिलेल्या त्या वहीत लिहिले की माणूस गडी होतो. पालघट लिहिली की तो नवरा होतो. वारल्याच्या बाजूने पाहिले तर दोन्ही सारख्याच अगम्य शक्ती होत्या, फक्त एकीची लिपी त्याच्या बायकोला येत होती. सावकाराने पुढे केलेल्या कागदावर अंगठा उठवताना त्याला काय वाटत असेल, याची कल्पना करायला आम्हांला आता भिंतीसमोर बसलेल्या त्या सवाशिणी आठवाव्या लागतात. अंगठा हेही एक चित्रच आहे.

ती सत्ता मोडली तीही शब्दाने. १९४५ च्या जानेवारीत टिटवाळ्याला किसान सभेची परिषद झाली, तिला काही वारली गेले होते. २३ मे १९४५ रोजी तलासरीजवळच्या झरी गावी हजारो वारली जमले आणि वेठ करायची नाही असे ठरले. पुढच्या काळात लाल बावट्याखाली गावोगाव जाऊन लग्नगड्यांना ‘तू मोकळा’ असे सांगितले गेले. कोणत्याही वहीत खाडाखोड झाली नव्हती. सावकाराच्या दारात उभे राहून चारचौघांनी म्हटले, एवढ्याने माणूस मोकळा झाला, यावर विश्वास बसायला त्या माणसांनाही वेळ लागला असेल. १० ऑक्टोबरला तलवाड्याला गोळीबार झाला आणि पाच जण मारले गेले. देशभर वेठबिगारी रद्द करणारा कायदा त्यानंतर तीस वर्षांनी, १९७६ साली आला.

त्याच दशकात चौकालाही कागद मिळाला, हा योगायोग लक्षात घेण्याजोगा आहे. १९६६ च्या दुष्काळात पुपुल जयकरांच्या सांगण्यावरून भास्कर कुलकर्णी मिथिलेत गेले आणि तेथल्या बायकांना त्यांनी कागद दिला. काही वर्षांनी तेच डहाणूच्या पाड्यांत आले. गंजाडजवळ कळंबीपाड्याला त्यांना जिव्या सोमा म्हसे भेटले. म्हसे चित्र काढीत होते विधीसाठी नव्हे, मनात येईल तेव्हा. आणि ते पुरुष होते. १९७५ मध्ये मुंबईच्या केमोल्ड दालनात त्यांचे प्रदर्शन झाले, १९७६ ला राष्ट्रीय पुरस्कार, २०११ ला पद्मश्री. २०१८ साली ते गेले. त्यांच्या रेषेविषयी आम्हांला नितांत आदर आहे. कोळ्याच्या जाळ्याचे, मासे धरण्याच्या जाळ्याचे त्यांनी जे केले ते चौकाच्या कोणत्याही सवाशिणीने केले नव्हते. पण कागदावर आल्याबरोबर चित्राला सही आली, किंमत आली, आणि पालघट बहुधा मागे राहिली. तारपानाच विमानतळांवर, साड्यांवर, कपबश्यांवर गेला. २०१४ साली वारली चित्रकलेला भौगोलिक निर्देशनाची नोंदणी मिळाली. ‘लिहिणे’ तेथे ‘पेंटिंग’ झाले, आणि नोंद झाली ती कलेची. सवाशिणींच्या हातातल्या दस्तऐवजाची झाली नाही. यात कोणाचा दोष काढावा हे आम्हांला नीट ठरवता येत नाही. कागद मिळाला नसता तर पाड्यांतल्या कितीतरी घरांत चूल पेटली नसती, हेही तितकेच खरे आहे.

जाणकारांनी ग्रंथ लिहिले आहेत. के. जे. सावे यांचे ‘द वारलीज’ १९४५ चे, म्हणजे झरीच्याच वर्षाचे. यशोधरा दालमियांचे वारलींच्या चित्रसृष्टीवरचे पुस्तक १९८८ चे. दोन्ही इंग्रजीत. चौकाचे ‘लिहिणे’ हे मराठीत घडते, निदान मराठीच्या एका बोलीत, आणि मराठीच्या अध्यापकाला ते इंग्रजी पुस्तकातून कळते, यावर अधिक न बोललेले बरे.

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी आमच्या माजी विद्यार्थ्याबरोबर चहा पिताना तिसऱ्या नोंदीचा विषय निघाला. महाराष्ट्रात १९९८ च्या कायद्याने विवाहनोंदणी होते. खेड्यात ती ग्रामपंचायतीत. नवरा-नवरीची छायाचित्रे लागतात, वयाचे दाखले लागतात, साक्षीदार लागतात, आणि लग्न लावणाऱ्याचे नाव लागते. आम्ही सहज विचारले, तेथे कोणाचे नाव लिहिता? तो म्हणाला, त्याच्या ओळखीतल्या एका जोडप्याच्या अर्जात गावातल्या कोणा शिकलेल्या माणसाचे नाव घातले होते. धवलेरीचे घालावे असे कोणाला सुचलेच नाही. तिलाही नाही.

मग तो वनहक्काच्या दाव्यांविषयी बोलू लागला, आणि आम्ही चहा विसरलो. २००६ चा वनहक्क कायदा आणि त्याचे २००८ पासूनचे नियम यांत पुराव्यांची जी यादी आहे तिच्यात सरकारी कागदांबरोबर गावातल्या वडीलधाऱ्यांचे लेखी उतरवून घेतलेले निवेदनही चालते. स्मशाने, विहिरी, पवित्र जागा अशा खुणा चालतात. जुन्या नोंदींतल्या माणसापर्यंत नेणारी वंशावळ चालते. २०१८ च्या मार्चमध्ये नाशिकहून मुंबईला जो शेतकऱ्यांचा मोर्चा चालत आला, त्याच्या मुख्य मागण्यांत हेच दावे होते. त्याच्या पाड्यावर एका दाव्याच्या वेळी आजोबा, पणजोबा कोण आणि कोठले, याविषयी पुरुषांत एकवाक्यता होईना. तेव्हा त्याच्या आत्याला बोलावले. तिने आधी नुसते सांगून पाहिले, नावे मागेपुढे होऊ लागली; मग ती म्हणाली, गाऊ का? आणि गाताना नावे ओळीने येत गेली. हा मुलगा समोर बसून ती उतरवून घेत होता. शेवटी निवेदनावर अंगठा तिने द्यायचा की घरातल्या कर्त्या पुरुषाने, यावर थोडा वाद झाला. अंगठा पुरुषाचा लागला.

आम्ही त्याला विचारले की ती गाणी तू टिपून ठेवली आहेस का. तो म्हणाला, दाव्यापुरती नावे टिपली, गाणी नाहीत. गाणी एकदाच लिहिली होती, म्हणजे आत्या काय काय गाते ते, दीड पान. ते तुमच्याकडे आहे.

परत आल्यावर आम्ही कार्यालयात चौकशी केली. चाचणीच्या उत्तरपत्रिका ठरलेली मुदत संपल्यावर रद्दीत जातात, त्याप्रमाणे त्या केव्हाच गेल्या होत्या. गुणपत्रक आहे. त्यात त्याच्या नावापुढे तीन आहेत.